पेन्शनचा डावा कौल

तुये, पेडणे
श्रावणातला दुसरा सोमवार

प्रिय पद्मावती,

नुसत्या नावाने हाक मारली आहे, रागावू नकोस. नोकरीत होतो तोवर तू सगळ्या विद्यापीठाची पद्मावतीबाय होतीस, ग्रंथालयाच्या काउंटरमागे चष्मा नाकावर ओढून बसणारी. आणि मी परीक्षा विभागातला कृष्णनाथ, घेतलेलं पुस्तक वेळेवर कधीच परत न करणारा. मग निवृत्त झालो, कोर्टात गेलो, आणि तिथल्या बाकावर बसून बसून कधीतरी ‘तुमी’चं ‘तूं’ होऊन गेलं. तू हरकत घेतली नाहीस, तेव्हा तो हक्क मला मिळाला असं मी धरून चाललोय. फोनच केला असता, पण फोनवर तू इतक्या मोठ्याने बोलतेस की सुर्लाचा अर्धा वाडा आपलं बोलणं ऐकतो. शिवाय बोलायला आपली कोंकणी असली, तरी मनातलं काही लिहायचं म्हटलं की हात मराठीकडेच वळतो. आपल्या पिढीला शाळेनेच ती सवय लावली आहे.

आता दुपार आहे. पाऊस थोडा दमून बसलाय आणि माडांवरून थेंब सावकाश गळतायत. घरात सगळे झोपलेत. मीही आडवा झालो होतो, पण उठलो, कारण मला पुन्हा तेच स्वप्न पडलं. तुला हसू येईल. पर्वरीच्या कोर्टाबाहेरचं आपलं ते लांब बाक आमच्या शापोरा नदीत तरंगत असतं. वारा नाही, लाट नाही, पाणी नुसतं चकाकतंय. आपण सगळे ओळीने बसलोय, महादेव टोकाला छत्री उघडून. तू मांडीवर डबा ठेवून डिचोलीच्या पोदेराच्या भट्टीतली कडक काकणं चहात बुडवून खातेस आणि अर्धं मोडून माझ्या हातावर ठेवतेस. तेवढ्यात काठावर कोर्टाचा शिपाई येतो आणि आपल्या केसचा पुकारा करतो. आपल्यातलं कोणी उठत नाही. महादेव तोंडावर बोट ठेवून म्हणतो, ‘ओगी रावात!’ आणि बाक आपलं वाहत वाहत मोरजीकडे, समुद्राकडे निघतं. शिपाई ओरडत राहतो. मला स्वप्नात इतकं बरं वाटतं म्हणून सांगू!

आणि जाग आली की आठवतं, केस तर आपण जिंकलोय.

वकील सेजलचा गेल्या आठवड्यात फोन आला होता, तुलाही आला असेल. विद्यापीठ वरच्या कोर्टात जाणार नाही, निकाल त्यांनी मान्य केला आहे. आता कागद पुरे झाले की आपल्याला पेन्शन सुरू होईल. मी तिला धन्यवाद म्हटलं, फोन ठेवला आणि ओसरीवर येऊन कितीतरी वेळ नुसता बसून राहिलो. सुनेला वाटलं कोणी गेलं की काय.

हे सगळं जिथून सुरू झालं तो रविवार तुला आठवतो? आपण तेव्हा चाळिशीत होतो. विद्यापीठाने परिपत्रक काढलं की फंड पाहिजे की पेन्शन ते महिनाअखेरपर्यंत लिहून द्या, एकदा दिलं की बदल नाही. पेन्शनचे नियम मात्र अजून छापून यायचे होते. लेखा विभागात विचारायला गेलो तर उत्तर मिळालं, नियम आले की कळवू. नियम येईपर्यंत मुदत संपणार होती, हे त्यांच्या लक्षात आलं नाही आणि आपलं डोकं तर फिरायचंच बाकी होतं. पेडणे-डिचोलीची सगळी मंडळी म्हापशाहून एकाच बसने जायची, आणि त्या बसमध्ये रोज नवं मत. सोमवारी पेन्शन चांगलं, मंगळवारी फंड. शेवटी विज्ञान शाखेचा शिपाई, आपला महादेव, बसच्या मधोमध उभा राहून म्हणाला, ‘आमकां कळना तें देवीक कळटा.’ आणि सगळ्या बसने मान डोलावली. पदवीधरांनीसुद्धा! आपल्याकडे विहीर कुठे खणायची, मुलीला कोणत्या घरी द्यायची, हे देवीला विचारल्याशिवाय होत नाही. मग म्हातारपणाचा प्रश्न तिला सोडून दुसऱ्या कोणाला विचारणार?

कौल आमच्या तुयेच्या देवळात लावायचा ठरलं. तू हिरव्या काठाची साडी नेसून आली होतीस आणि देवीसाठी अबोलीची वेणी आणली होतीस. सगुण गुरवाने देवीच्या मूर्तीवर ओल्या पाकळ्या चिकटवल्या. उजवीकडची आधी पडली तर पेन्शन, डावीकडची पडली तर फंड. मग त्याने गाराणं घातलं. ते अजून माझ्या कानात आहे. ‘बा म्हाराजा, ही तुजी लेकरां तुज्या दारांत उबी आसात. फंड घेवचो काय पेन्शन, हांचें मन दोन वाटांनी जालां. योग्य ती वाट दाखय, म्हाराजा!’ आणि परीक्षा विभाग, ग्रंथालय, वसतिगृह, सगळे हात जोडून एका सुरात, ‘व्हय म्हाराजा!’ मला हसू दाबवत नव्हतं. तुझ्याकडे बघितलं तर तूही पदर तोंडाला लावून उभी. पंख्याचा वारा नव्हता, कोणी खोकलंही नव्हतं. डावी पाकळी अलगद सुटली आणि पडली. महादेव म्हणाला, पुन्हा एकदा विचारून बघूया. सगुणाने त्याच्याकडे असं काही बघितलं की बिचारा खांबाआड गेला. ‘देवीक दोनदां इचारूंक जायना,’ सगुण म्हणाला, आणि विषय संपला. सोमवारी आपण सगळ्यांनी फंड असं लिहून दिलं. माझ्या पेनातली शाई संपली होती, म्हणून सही मी तुझ्या पेनाने केली.

पुढचं सगळं तुला माझ्याहून जास्त माहीत आहे, कारण ते तुझ्या वाट्याला जास्त आलं. नवा वेतन आयोग आला तेव्हा शिक्षकांना पर्याय बदलायची संधी मिळाली, आपल्याला नाही. फंडाचं पाणी कुठे मुरलं ते आपल्यालाही कळलं नाही. माझा छपरात आणि मुलाच्या, श्रीनाथच्या लग्नात गेला, ते बघायला त्याची आई राहिली नव्हती. तुझा यजमानांच्या दुखण्यात. खाणी बंद पडल्या आणि त्यांचा ट्रक अंगणात उभा राहिला तो उभाच, त्याच्या टपावर तांबडी धूळ आणि खाली कोंबड्या. तू एकदा सांगितलं होतंस, ते रोज सकाळी उठून ट्रकचा आरसा पुसायचे. ते गेल्यावर पुण्याहून सिद्धी पैसे पाठवू लागली. मुलगी गुणाची आहे, तिने कधी बोलून दाखवलं नाही. पण मुलीच्या पैशांनी गॅसची टाकी घेताना हात आखडतो, असं तू म्हणालीस, आणि केस करायची कल्पना जर कोणाची असेल तर ती तुझी. आम्ही बाकीचे नुसते देवीला दोष देत बसलो असतो.

तुझी ती एक गोष्ट मी माझ्या नातवंडांनाही सांगतो. सेजलच्या म्हापशाच्या ऑफिसात आपण शपथपत्र लिहायला बसलो होतो. ती म्हणाली, सरळ लिहूया की पर्यायाची नीट माहितीच मिळाली नव्हती, देवळाचं काही काढू नका, कोर्टात हसं होईल. सगळ्यांनी माना डोलावल्या, मीही डोलावली. लपवायला तू एकटी तयार नव्हतीस, म्हणालीस, ‘देवीक विचारलां आमी. तें लिपोवन दवरूंक म्हाका जावचें ना.’ सेजलने तुझ्याकडे बघितलं, मग आमच्याकडे, आणि तिने ते जसंच्या तसं लिहून घेतलं. मला त्या क्षणी तुझा इतका अभिमान वाटला आणि इतकी भीतीही वाटली, की मी उठून बाहेर जाऊन एक सोडा पिऊन आलो.

आणि हसं कोणाचं झालं? विद्यापीठाच्या वकिलाने तो परिच्छेद मोठ्या चवीने वाचला. या मंडळींनी विचारपूर्वक निवड केली आहे, इतकी विचारपूर्वक की त्यांनी देवीचासुद्धा सल्ला घेतला आहे! सगळं कोर्ट हसलं. न्यायमूर्ती हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढला आणि विचारलं, विद्यापीठाने त्या देवीला तरी नियमांची प्रत दिली होती का? तू माझा हात धरलास तेव्हा. तुझ्या ध्यानातही नसेल, हसू आवरायला काहीतरी धरायचं म्हणून धरलास. पुकारा होऊन पुढची केस सुरू झाली तरी तो तिथेच होता.

आता खरं सांगतो. त्या दिवसानंतर मला तारखा आवडू लागल्या. लोक तारखेला शिव्या घालतात, माणूस मरतो पण तारीख मरत नाही म्हणतात. मी मात्र कॅलेंडरवर खूण करून वाट बघू लागलो. कोर्ट आधी पणजीला होतं, मग पर्वरीला आलं, पण आपली भेट म्हापशाच्या स्टँडवरची. तुझी डिचोलीची बस आधी यायची. चहाच्या गाड्यामागच्या बाकावर तू बसलेली असायचीस, शेजारी पिशवी ठेवून जागा धरलेली. मग चहा, काकणं, बाजारात मिरच्यांचा भाव, कोणाला गुडघेदुखी, कोणाचा मुलगा लंडनला गेला. पर्वरीला जाऊन दिवसभर बसायचं आणि संध्याकाळी सेजलने येऊन सांगायचं की आज आपला नंबर लागला नाही. सगळ्यांची तोंडं उतरायची. मी पण उतरवायचो, नाहीतर बरं दिसलं नसतं. श्रीनाथ तुयेच्या कारखान्यात कामाला जायच्या गडबडीत असायचा, तरी मला इस्त्रीचा शर्ट घालताना बघून म्हणायचा, ‘कोर्टाक वतना सेंट कित्याक मारतात, बाबा?’ मी सांगायचो, न्यायालयाचा मान राखायला पाहिजे.

मोरजीचा दिवस आठवतो का, हे मी विचारत नाही. तो तू विसरली असशील तर मला कळायलाही नको. कोर्टात वकिलांचं काहीतरी निघालं आणि आपल्याला दुपारच्या आधीच सोडलं. महादेव घरी गेला. तू म्हणालीस, सुर्लाला राहून समुद्र बघायलाच मिळत नाही, आणि मी तुला शिवोलीमार्गे मोरजीला घेऊन गेलो. ऊन कोवळं होतं. परदेशी मंडळी वाळूवर पसरलेली. त्यांच्या पलीकडे वनखात्याने जाळी लावून कासवाची अंडी राखून ठेवलेली. राखणदार म्हणाला, कासवीण अंडी घालून निघून जाते, मागे वळून बघत नाही. तुझा चेहरा पडला. मग तोच म्हणाला, पण वर्षांनी फिरून ह्याच किनाऱ्याला येते, दुसरीकडे जात नाही. तू पायातल्या चपला हातात घेतल्यास आणि पाण्याच्या कडेने चालू लागलीस. साडीचा काठ भिजला तरी तुला त्याचं काही नव्हतं. मी मागून चालत होतो आणि मला वाटत होतं की आपण दोघं अजून शाळेत आहोत, सहलीला आलोय आणि गुरुजी कुठेतरी मागे राहिलेत. समुद्र इतका गप्प होता की मीच बोलून बसलो. म्हटलं, सुर्लाला एवढ्या मोठ्या घरात एकटी किती दिवस राहणार? त्या वाक्याच्या पोटात दुसरं वाक्य होतं, ते तुला कळलं. तू माझ्याकडे न बघता म्हणालीस, ‘आदीं केस सोंपूं दी.’

तेव्हापासून मी त्या केसच्या संपण्याला भिऊ लागलो, पद्मा. ती चालू होती तोवर तुझं उत्तर यायचं बाकी होतं, आणि बाकी असलेलं उत्तर बरं असतं. निकालाच्या दिवशी सेजल धावत बाहेर आली, पर्याय पुन्हा एकदा द्यायलाच हवा, असं कोर्टाने म्हटल्याचं तिने सांगितलं. महादेव रडला. पेढे कोणी आणले कोण जाणे. तू डोळे मिटून हात जोडलेस. आणि मी सेजलला बाजूला घेऊन विचारलं, विद्यापीठ दिल्लीला जाईल का हो? ती माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, काळजी करू नका काका, नाही जाणार. माझा चेहरा बघून तिला वाटलं मला आनंदाने भोवळ येतेय. तिने मला खुर्चीवर बसवलं आणि पाणी पाजलं.

मग तुझा फोन आला. सिद्धी बोलावतेय, गणपतीची चवथ झाली की पुण्याला जाते, घराची किल्ली दिराकडे देते, असं तू म्हणालीस. आणि म्हणून झाल्यावर थांबलीस. मी नुसतं ‘बरें, बरें’ म्हटलं आणि पावसाचं काहीतरी बोललो. दगडच म्हणायचं मला! तू इतक्या मोठ्याने बोलणारी बाई, तुझं ते थांबणं मला अजून ऐकू येतंय. माझ्या उत्तरासाठी थांबलीस, की नुसता दम घेतलास, याचा उलगडा मला होत नाही. पण एक गोष्ट मला दिसते. आजवर तू गेली असतीस तर ती गरजेने गेली असतीस. आता तुझं स्वतःच्या नोकरीचं पेन्शन येणार. कोणाकडे जायचं, कोणाकडे नाही, हे आता तू तुझ्या मनाने ठरवू शकतेस. त्यासाठीच तर आपण भांडलो.

आणखी एक सांगतो, हसायचं असेल तर हस. मी सेजलला फोन करून विचारलं, सहज, एका ओळखीच्या बाईंसाठी, की विधवेने पुन्हा संसार मांडला तर पेन्शन जातं का? ती म्हणाली, नवऱ्याच्या मागे मिळणारं असेल तर जाऊ शकतं, स्वतःच्या नोकरीचं असेल तर कोणी हात लावू शकत नाही. मग म्हणाली, काका, त्या ओळखीच्या बाईंना माझा नमस्कार सांगा. तेव्हा नमस्कार. श्रीनाथलाही मी सांगून टाकलं. मला वाटलं होतं, घरात भांडी आपटतील. उलट मी इतका थांबलो म्हणून मलाच दटावत तो बूट घालता घालता म्हणाला, ‘मागीर इतले दिस कित्याक रावले, बाबा?’ आणि मोटरसायकल काढून कामाला गेला. सून आत हसत होती.

काल सकाळी आंघोळ करून मी देवळात गेलो. हातात फुलं होती, अबोली घेतली होती मुद्दाम. सगुण आता वाकलाय, पण डोळे तेच. मला बघून त्याने पाकळ्या भिजवायला घेतल्या आणि विचारलं, ‘कितें इचारूं देवीक?’ मी विचारायला तोंड उघडलं. माझ्या मनात आलं, एकदा जे लेखा विभागाला विचारायचं ते आपण देवीला विचारलं आणि अर्धं म्हातारपण कोर्टात घालवलं. आता जे पद्मावतीला विचारायचं तेही देवीलाच विचारायला आलो! सगुणाला म्हटलं, काही नाही, नुसती फुलं द्यायची होती. ती तिच्या पायांशी ठेवली, डाव्या पाकळीबद्दल तिचे आभार मानले, कारण उजवी पडली असती तर हे बाक, ही काकणं, ते मोरजी काहीच झालं नसतं, आणि घरी आलो. म्हणून हे पत्र. केस संपली, पद्मा. पुण्याला जाऊ नकोस, आणि गेलीसच तर सिद्धीला भेटून परत ये. माझ्याबरोबर राहा. आपल्या वयात लग्न म्हटलं तर लोक हसतील, नाही म्हटलं तर बोलतील, तेव्हा त्याला काय म्हणायचं ते तू ठरव. तुयेला की सुर्लाला तेही तूच ठरव. चवथीनंतरच्या पहिल्या सोमवारी मी म्हापशाच्या स्टँडवर आपल्या बाकावर बसेन, यावेळी तुझ्या आधी येऊन, शेजारी पिशवी ठेवून. तू नाही आलीस तर पुढच्या सोमवारी पुन्हा बसेन. देवीला दोनदा विचारायचं नसतं, पण दुसऱ्यांदा विचारायला कोर्टाची परवानगी आहे, आणि ती तूच मिळवून दिली आहेस.

तुझी वाट बघणारा, तुझाच
कृष्णनाथ